सात एकरातलं बोलणं

१

रूबन प्रॉसर दिवसाकाठी अकरा शब्द बोलायचा. हेस्टरनं एका रविवारी मुद्दाम मोजले होते. त्यातले चार कुत्र्याला गेले. उरलेल्या सातांत 'मीठ' दोनदा आलं.

माणूस वाईट नव्हता हो. पिणं बेताचं, हात कधी उगारला नाही, कामाला वाघ. फक्त तोंडाला कुलूप, आणि किल्ली कुठं पडली ते त्याचं त्यालाही ठाऊक नसावं. तेहेतीस वर्षांत हेस्टरला सवय झाली होती. सकाळी सहाला उठायचं, चुलीत कोळसा घालायचा, त्याच्या पिशवीत पाव, चीजचा तुकडा, मुरवलेला कांदा आणि बाटलीत काळा चहा भरायचा. तो पिशवी उचलायचा, मान हलवायचा आणि कोयता घेऊन चालू पडायचा. हिवाळाभर त्याचं काम एकच. शेताशेतांच्या कडेची काटेरी झाडं आडवी करून जितं कुंपण विणायचं.

जानेवारीत ती सिनेमावाली मंडळी आली. मिस फेनेला व्हेरिंग, थोराड बाई, तोंडात कायम न पेटवलेली सिगारेट. आणि आवाज टिपणारा डंकन, चाळिशीचा, लंडनचा, चिखलाला पाय लावायचा तर जिवावर येणारा. हेस्टरनं त्यांना मागची खोली दिली.

"गोष्ट नाही, निवेदन नाही," फेनेला पहिल्याच संध्याकाळी म्हणाली. "धुकं, मेंढ्या, हात, आवाज. ह्या खोऱ्याचं एक वर्ष, बस. बघणाऱ्याला वाटलं पाहिजे की जमीनच बोलतेय."

"जमीन बोलेल एखाद वेळी," हेस्टर म्हणाली, "पण आमचे हे बोलतील अशी आशा धरू नका."

रूबन त्या हिवाळ्यात 'सात एकर' नावाच्या कुरणाचं कुंपण करत होता. कॅमेरा जवळ आला की त्याचा हात थांबायचा. मग त्यांनी तोड काढली. कॅमेरा लांब टेकडीवर, आणि कुंपणातल्या एका खुंटाला माइक बांधलेला. बाराच्या सुमाराला डंकन टेप सुरू करून निघून जाई आणि तासाभरानं परत येई.

"तुझा नवरा आता टीव्हीत जाणार गं," पोस्ट सांभाळणारी डिलिस बेव्हन तिला म्हणाली. "मग आमच्याकडं बघायचा की नाही?"

"आत्ता कधी बघतो तुझ्याकडं?"

"माझ्याकडं नाही, पण तिकिटांकडं बघतो. तुझ्याकडं तेवढंही नाही."

दोघी खिदळल्या. हेस्टर घरी येईपर्यंत मात्र ते बोलणं तिच्या मनात रुतून बसलं होतं.

२

शनिवारी दुपारी फेनेला चहा पिता पिता म्हणाली, "मिसेस प्रॉसर, तुम्ही मला फसवलंत. म्हणे नवरा बोलत नाही! इतकं गोड बोलणारा पुरुष मी आख्ख्या आयुष्यात ऐकला नाही."

हेस्टरला वाटलं, थट्टा चाललीय. पण बाईनं टेबलावरच्या टेपरेकॉर्डरची चाकं फिरवली आणि हेडफोन उचलून तिच्या कानांवर ठेवले.

आधी वारा. मग कोयत्याचे घाव, एक, दोन, आणि लाकूड वाकतानाची कुरकुर. मग रूबन.

"बैस. बांध गार आहे, थांब, माझा कोट घे खाली."

मध्ये काही क्षण नुसता वारा.

"असू दे गं. मला नाही वाजत थंडी. चीज घे. अर्धं घे की, लाजतेस काय?"

पुन्हा वारा. आणि मग रूबन हसला. हेस्टरनं तेहेतीस वर्षांत त्याला असं हसताना ऐकलं नव्हतं. खरं तर ऐकलं होतं, पण इतक्या मागं की ते आपल्याच नवऱ्याचं हसू हे कळायला तिला एक क्षण लागला.

"काय सुंदर आहे ना?" फेनेला म्हणाली. "एकटाच असतो, आणि कुरणाशी बोलतो. माझा सगळा सिनेमा ह्यावर उभा राहणार."

"हो, सुंदर आहे," हेस्टर म्हणाली, आणि कपबशा उचलून आत गेली. मोरीत तिनं एक बशी इतकी घासली की तिच्यावरची निळी फुलं जायची बाकी राहिली. कुरणाशी म्हणे! कुरणाला थंडी वाजते? कुरण चीज खातं? लंडनच्या लोकांना काहीही पटतं. बाईमाणसाशी चाललेलं बोलणं बाईला बरोबर कळतं. तिच्या अंगाचा नुसता तिळपापड झाला होता.

३

रात्री जेवताना तिनं विचारलं, "दुपारी कोण येतं तिकडं?"

रूबननं बटाटा मोडला. "कुठं?"

"सात एकरात."

"कोण येणार?"

"मी विचारतेय."

"कुणी नाही."

झालं. पाच शब्द खर्चले, आता उद्यापर्यंत काही मिळणार नव्हतं. हेस्टर त्याच्या चेहऱ्याकडं बघत राहिली. खोटं बोलणाऱ्याची नजर कुठंतरी सटकते. ह्याची बटाट्यावरच होती.

तिनं गावातल्या सगळ्या बायका मनात एकेक करून उभ्या केल्या. फेनेला? ती बाराला टेकडीवर असायची, कॅमेऱ्यापाशी. डिलिस? डिलिसला पोस्ट सोडून हलता येत नव्हतं, आणि चढ चढायचा तर तिला वाटेत दोनदा बसावं लागलं असतं. मग कोण? कोण ही भवानी, जिला अर्धं चीज मिळतं? आपण त्या पिशवीत रोज भरतो ते चीज!

सोमवारी साडेअकराला तिनं डोक्याला रुमाल बांधला आणि चढाला लागली. दहिवर अजून वितळलं नव्हतं. सात एकराच्या फाटकापाशी एक जुनं होलीचं, दाट काटेरी पानांचं झाड आहे, त्याच्याआड ती उभी राहिली.

डंकननं टेप सुरू केली आणि तो बूट झटकत उताराला लागला. मग रूबननं कोयता खुंटाला टेकवला. अंगातला कोट काढला. इतक्या थंडीत! तो बांधावर नीट पसरला आणि स्वतः त्याच्या शेजारी, नुसत्या गवतावर बसला. कोटावर कुणी नव्हतं. आख्ख्या कुरणात दुसरं माणूस नव्हतं. त्यानं चीजचे दोन तुकडे केले, एक कोटावर ठेवला, एक खाल्ला. आणि बोलला नाही. हेस्टरनं डोळ्यांत तेल घालून पाहिलं. पाऊण तास त्याचे ओठ घासापुरते उघडले आणि चहापुरते उघडले. एक शब्द नाही.

तिच्या जिवात जीव आला. वेडा आहे झालं, पण एकटा आहे.

मग तो उठला, कोट झटकून अंगात घातला. चीज खाली पडेल म्हणून ती बघत होती. काही पडलं नाही. पाखरानं नेलं असणार, ती स्वतःशी म्हणाली. नजर चुकली असेल आपली. तांबड्या छातीची ती पाखरं भारी धीट असतात.

४

संध्याकाळी तिनं डंकनला केकचा जाड तुकडा दिला आणि म्हणाली, "आजची टेप ऐकवता का जरा?"

"आवडायला लागलं वाटतं नवऱ्याचं बोलणं!"

"लावा हो."

वारा. कोयता. आणि रूबन बोलत होता. सोमवारचा, आजचा, जो तिच्या डोळ्यांदेखत पाऊण तास गप्प बसला होता तो. त्याच्या आवाजात घोगरेपण नव्हतं.

"हे कुंपण पुरं होऊन त्याला पालवी फुटली ना, की लग्न करू. तुझ्या बापाला मी विचारतो. घाबरतो काय त्याला?"

हे वाक्य तिचं होतं, तिलाच म्हटलेलं. लढाई संपली त्या हिवाळ्यात, ह्याच सात एकराचं हेच कुंपण रूबन पहिल्यांदा करत होता, आणि चोवीस वर्षांची हेस्टर रोज दुपारी सायकलवरून त्याचं जेवण घेऊन जायची. कोट, चीज, सगळं तेव्हाचं. तो तेव्हा बोलायचा! बाप रे, किती बोलायचा! पालवी फुटली, लग्न झालं, आणि मग बोलणं हळूहळू आटत गेलं. इतकी वर्षं तिला वाटत होतं की ते संपलं. संपलं नव्हतं तर. तिथं राहिलं होतं, आणि आता दुसऱ्याच कुणाला मिळत होतं.

"जरा मोठं करा," ती म्हणाली. "ती मधली जागा. तो थांबतो ना, तिथं."

डंकननं बटण फिरवलं. वारा वाढला, खरखर वाढली, आणि तिच्या तळाशी एक बाई बोलली. हलक्या, हसऱ्या आवाजात.

"रूबी, कुणीतरी बघतंय आपल्याकडं. फाटकापाशी, झाडामागं."

"असेल कुणी म्हातारी," रूबन म्हणाला. "बघू दे."

हेस्टरनं हेडफोन ओढून काढले. डंकननं ते स्वतःच्या कानाला लावले, टेप मागं घेतली, पुन्हा ऐकली. "मधल्या जागेत ना? नुसता वारा आहे हो. काय ऐकलंत?"

"काही नाही."

रूबी. बायकी नाव म्हणून तो चिडायचा, म्हणून ती त्याला तसं हाक मारायची. हे नाव ह्या जगात दोघांशिवाय कुणाला ठाऊक नव्हतं, आणि तिनंही ते तीस वर्षांत उच्चारलं नव्हतं. दुसरी कुणी असती तर हेस्टरनं भर चौकात तिच्या झिंज्या उपटल्या असत्या. पण हिचं काय करायचं? चोवीस वर्षांची, सायकलवरून चढ चढणारी, गुडघे न दुखणारी. तिला पाहून तो हसतो, आणि आपल्याला म्हणतो मीठ.

म्हातारी म्हणाला. ते मात्र तिच्या जिव्हारी लागलं.

५

गुरुवारी रूबन तालुक्याच्या बाजाराला गेला. हेस्टरनं माळ्यावरून तिच्या बापाचा कोयता काढला. बाप ह्याच कामातला होता. कुंपण कसं करतात ते तिला कुणी शिकवायला नको होतं.

झाडाचं खोड बुडाशी तिरपं कापत न्यायचं. इतका, की आता मेलंच असं वाटावं. पण आरपार नाही. सालीची आणि लाकडाची एक पातळ जीभ ठेवायची, तिच्यावर आख्खं झाड चढाच्या दिशेनं आडवं लोळवायचं. रस त्या जिभेतून वर जात राहतो, आणि पडलेलं झाड पडल्या जागी जगतं. कारागिराचं सगळं कसब त्या जिभेत.

रूबन कोट पसरायचा ती जागा तिला बरोबर सापडली. गवत तिथं दबलेलं होतं. एकाच्या बसण्याइतकं नाही, दोघांच्या.

"आता बोल," ती मोठ्यानं म्हणाली. "बोल ना! झाडामागून नाही, समोर उभी आहे मी."

तिनं पहिली जीभ तोडली. एकाच घावात सुटली. दुसरी. तिसरी. सतरा झाडं तिनं त्या जागेपाशी बुंध्यापासून वेगळी केली. कुंपणाच्या माथ्यावर विणलेल्या फांद्यांच्या वेणीत गुंतल्यामुळं ती पडली नाहीत, होती तशीच राहिली. लांबून कुणाला कळलं नसतं. दर घावागणिक तिला हलकं वाटत गेलं. इतकं बरं तिला कित्येक वर्षांत वाटलं नव्हतं. तळहाताला फोड आला, काटे लागले, त्याचं काही नाही. घरी येऊन तिनं हात धुतले आणि रूबनला आवडतात म्हणून चरबीत मळलेल्या कणकेचे गोळे घालून मटण शिजत लावलं.

पुढच्या टेपांवर रूबन बोलला नाही. फेनेला हळहळली. हेस्टर स्वयंपाकघरात गुणगुणत होती.

६

रूबनला ते चौथ्या दिवशी दिसलं. संध्याकाळी तो आला, टोपी खुंटीला लावली आणि टेबलापाशी उभाच राहिला.

"सतरा तोडली कुणी," तो म्हणाला.

"अगं बाई! कुणी?"

"काम येणाऱ्यानं. घाव स्वच्छ आहेत."

हेस्टर ताटं मांडत राहिली. "मग आता मरतील ना ती?"

"वरचं मरेल," रूबन म्हणाला. "वरचं जुनं असतं. बुडाला आता त्याला पोसायला नको. जोरात फुटेल."

तिच्या हातातलं ताट हातातच राहिलं. हे तिला माहीत होतं. बापानं लहानपणी दाखवलं होतं, दर वसंतात डोळ्यांनी पाहिलं होतं. जीभ ठेवायची ती वरच्यासाठी. बुंध्याला तिचं काही अडत नाही. कुंपणवाल्याची लेक, आणि रागाच्या भरात नेमकं तेवढंच विसरली होती. मरणार ते जुनं. तरणं होतं ते मोकळं झालं.

"काय झालं?" रूबननं विचारलं.

"काही नाही. बैस."

मार्चअखेर सिनेमावाल्यांनी बोचकी बांधली. निघताना फेनेलानं हेस्टरला मिठी मारली. "आणि तुमच्या भाचीलाही माझ्याकडून सांगा हं, शेवटच्या रिळात फार गोड आलीय."

"कुठली भाची?"

"ती हो! सायकल हातात धरून येणारी. चालणं अगदी तुमचं. मी टेकडीवरून घेतलंय, चेहरा दिसत नाही, पण ती चाल... तीन दिवस रोज दुपारी दिसली."

"सात एकरात?" हेस्टरनं कसंबसं विचारलं.

"नाही, कुरणात नाही. खाली, ह्या तुमच्या गल्लीत. रोज थोडी पुढं."

७

एप्रिल सरता सरता सात एकराच्या कुंपणात सतरा झाडांचा वरचा भाग तपकिरी पडला. बुडाशी मात्र बोटबोटभर कोवळे, लालसर फुटवे आले होते. बाकी कुंपणापेक्षा दुप्पट. हेस्टर एकदाच जाऊन पाहून आली.

घरात तसं काही नव्हतं. मागच्या दाराची कडी कधी कधी वर झालेली असे. ती गंजली होती म्हणून असेल. दुपारी बाराला कुत्रा उठून दाराकडं जाई आणि शेपूट हलवून परत येई. कुत्र्यांचं काय, त्यांना काहीही ऐकू येतं. रूबन तिच्याकडं मधूनच जरा परका होऊन बघायचा. डॉक्टर म्हणाले, बासष्ट काही फार नाही, पण होतं काहींचं असं.

मे महिन्यातला पहिला रविवार. हेस्टरनं त्याच्यापुढं चहा ठेवला आणि समोर बसली. खिडकीतून ऊन टेबलावर आलं होतं.

"वा," रूबन म्हणाला. "चहा फार छान करता तुम्ही."

तुम्ही? हेस्टरला वाटलं, थट्टा करतोय. तिला बरंसुद्धा वाटलं. थट्टा तर थट्टा!

"ही जागा बरी आहे," तो पुढं म्हणाला. "लग्न झालं की आम्ही असंच घर बघणार. हेस्टरला खिडकी लागते. परवा सांगते कशी, मला अंधारात स्वयंपाक करायला लावलास तर माहेरी जाईन. माहेर कुठं, तर चार घरं पलीकडं!" तो हसला. तेच, टेपेवरचं.

"कोण हेस्टर?" तिच्या तोंडून निघालं.

आणि रूबन बोलायला लागला. काय बोलला तो! ती चर्चमध्ये मुद्दाम चुकीच्या सुरात गाते, कारण पाद्री दचकतो. पुरात अडकलेल्या मेंढीला तिनं कमरेएवढ्या पाण्यात उतरून कानाला धरून काढलं, आणि वर मेंढीलाच शिव्या घातल्या. ती बोलताना नाकावर आठी पाडते. ती खोलीत आली की त्याला आपले हात कुठं ठेवावेत ते कळत नाही. यातलं निम्मं हेस्टर स्वतःच विसरली होती. उरलेलं तिला कधी माहीतच नव्हतं. तिला वाटत होतं, बोलत राहा, थांबू नकोस. आणि त्याच वेळी त्या पोरीचा गळा आवळावासा वाटत होता.

"तिला हे सांगितलंस कधी?" तिनं विचारलं.

रूबन ओशाळला. "छे हो. मी आपला इकडचं तिकडचं बोलत बसतो. खरं तोंडाशी येतं आणि तिथंच राहतं. तुम्ही परक्या, म्हणून तुमच्यापाशी निघालं. तिला नका हं सांगू."

"नाही सांगत."

"शपथ?"

"शपथ."

बाहेर गल्लीतल्या खडीवर सायकलची चाकं थांबल्याचा आवाज झाला. असेल कुणी पोस्टातलं. पण रविवार होता. मागच्या दाराची कडी उचलली गेली, आणि हेस्टरच्या मानेवर गार वारा आला. कुत्रा उठला.

रूबननं घाईघाईनं केसांवरून हात फिरवला. त्याचा चेहरा, तो बासष्ट वर्षांचा चेहरा, आपल्यासमोर असा उजळताना हेस्टर बघत होती. तो तिच्या खांद्यावरून मागं बघत होता.

"मावशी," तो हलक्या आवाजात म्हणाला, "रागावू नका. पण तेवढी खुर्ची द्याल का? ती लांबून आलीय."

मागं वळून पाहायचं नाही, एवढं हेस्टरनं ठरवलं. मग ती उठली, आणि भिंतीपाशी जाऊन उभी राहिली.